मार्थाबाईंचं एकवचन

मार्थाबाईंवर लिहायला बसले आणि पहिल्याच वाक्याला अडले. 'मार्थाबाई उंच होत्या' असं लिहिलं आणि डोळ्यांसमोर त्यांची ती लांब तर्जनी आली, नाही नाही अशी हलणारी. 'होत्या' कशाला? मी काय चार जणी आहे? 'बाई' त्यांना चालायचं. बाई म्हणजे काय, असं त्यांनी पहिल्याच भेटीत विचारलं होतं. मी म्हटलं, बाई म्हणजे बाई, बाईमाणूस. त्यावर त्या म्हणाल्या, ते मी आहेच. बाई शाळेतल्या शिक्षिकेलाही म्हणतात, मान देऊनही म्हणतात, हे मी त्यांना कधीच सांगितलं नाही. पण आपलं हे आदराचं बहुवचन त्यांना अजिबात खपायचं नाही. आता त्या नाहीत, आणि तरी मी तेच लिहिणार आहे. माझी जीभ तेव्हा तशीच वळायची. जसं होतं तसं सांगायचं तर माझ्यासाठी त्या 'त्या'च होत्या.

आम्ही हॉलंडमधल्या लायडनला आलो ते मिलिंदच्या, म्हणजे माझ्या नवऱ्याच्या, नोकरीमुळे. तिथल्या सायन्स पार्कात औषधांवर संशोधन करणाऱ्या एका कंपनीत तो लागला होता. मी पुण्यातली बँकेतली नोकरी सोडून आले होते. आमची ईरा पाच वर्षांची. ती डच शाळेत जायला लागली आणि बघता बघता मला डचमध्ये उत्तरं द्यायला लागली. मी फोनकार्ड खरवडून आईला फोन करायची, कालव्यातली बदकं बघायची आणि पाऊस थांबायची वाट बघत खिडकीत बसायची. त्या वर्षांचं जे काही आठवतं ते सगळं पाण्यातून बघितल्यासारखं हलतं. काय आधी झालं, काय नंतर, विचाराल तर सांगता यायचं नाही. एक मार्थाबाईंचं स्वयंपाकघर तेवढं लख्ख दिसतं.

शनिवारच्या बाजारामागे एक तुर्की दुकान होतं. ज्वारीचं पीठ गावात कुठे मिळेना, तेव्हा मक्याच्या पिठाची भाकरी थापून बघू, असा माझा बेत. फळीवर एकच पिशवी उरली होती आणि तिच्यावर दोन हात एकदम पडले. एक माझा. दुसरा लांब, वयाचे ठिपके पडलेला. वर बघितलं तर राखाडी झग्यातल्या एक म्हाताऱ्या बाई, केस मागे घट्ट बांधलेले, अंगावर दागिना म्हणून नाही. त्यांनी पिशवी सोडली नाही. मी पुण्याची, मी तरी का सोडू? त्यांनी विचारलं, तू याचं काय करणार? मी म्हटलं, भाकरी, आणि तुम्ही? त्या म्हणाल्या, इंडियन पुडिंग. मी म्हटलं, मी चांगली इंडियन आहे आणि असलं पुडिंग मी जन्मात ऐकलेलं नाही. त्यावर त्या इतक्या मोकळ्या हसल्या की पिशवीवरचा हातच सुटला. शेवटी दुकानदारानं पीठ अर्धं अर्धं करून दिलं आणि मार्थाबाईंनी मला तिथल्या तिथे घरी जेवायला बोलावलं. चौथ्या दिवशी दुपारी, मुलीला घेऊन.

आता चौथा दिवस म्हणजे कुठला? तिथल्या कॅलेंडरवर आठवडा सोमवारी सुरू होतो. मी बोटांवर मोजलं: गुरुवार. ईराला शाळेतून लवकर काढलं, फुलं घेतली आणि दोघी त्यांच्या दारात. त्या राहायच्या एका हॉफ्येमध्ये. रस्त्यावरून नुसतं एक बुटकं दार दिसायचं. ते ढकललं की आत एकदम बाग, मध्ये पाण्याचा पंप आणि सभोवती इवली इवली घरं, एकट्या म्हाताऱ्या माणसांसाठी कुणी दानशूरानं कधीकाळी बांधून ठेवलेली. बाहेरचा सायकलींचा खडखडाट दाराशीच थांबायचा. मार्थाबाईंनी आमच्याकडे बघितलं, फुलांकडे बघितलं आणि म्हणाल्या, तुम्ही काल यायचं होतं.

झालं होतं असं, की त्यांच्या घरात वारांना नावंच नव्हती. त्या अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियाच्या, शेतकरी घरातल्या, आणि पंथानं क्वेकर. क्वेकर म्हणजे ख्रिश्चनच, पण साधे: पाद्री नाही, घंटा नाही, प्रार्थनेला सगळे नुसते गप्प बसतात आणि ज्याला आतून वाटेल तो बोलतो. वारांची नावं जुन्या देवांवरून पडलेली, म्हणून यांच्या पूर्वजांनी ती टाकून दिली आणि रविवारपासून सरळ मोजायला लागले, पहिला दिवस, दुसरा दिवस. चौथा दिवस म्हणजे बुधवार. बुधवारी तिथल्या शाळा दुपारीच सुटतात, ईराला यायला बरं, म्हणून त्यांनी मुद्दाम बुधवार धरलेला. म्हणजे काल त्या पानं मांडून बसल्या असणार. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

त्यांनी मात्र आम्हाला आत घेतलं, कालचं गार घट्ट झालेलं पुडिंग सुरीनं कापलं आणि लोण्यावर खरपूस परतून वाढलं. मक्याचं पीठ दुधात शिजवून, गोड पाक घालून, भट्टीत तासन् तास भाजलेलं. आपल्याकडे पोळीपेक्षा शिळ्या पोळीचा कुस्करा जास्त रुचतो ना, तसंच काहीसं. ईरानं ताटली चाटून पुसून ठेवली. त्यानंतर आम्ही दर बुधवारी जायला लागलो आणि मार्थाबाई पुडिंग मंगळवारीच करून ठेवायला लागल्या. आता या पुडिंगात इंडियन काय? तर काहीही नाही. अमेरिकेत गेलेल्या गोऱ्यांनी तिथल्या मूळच्या लोकांना इंडियन म्हटलं, त्यांच्या मक्यालाही इंडियन म्हटलं, आणि ते नाव पाककृतींच्या पुस्तकांत तसंच राहिलं. आपला काडीचा संबंध नाही. मिलिंदला मात्र वर्षभर वाटत होतं की पुडिंगची पाककृती मी मार्थाबाईंना दिली आहे.

जेवणाआधी त्या दोन्ही हात पुढे करायच्या. एक हात ईराच्या हातात, एक माझ्या. आणि मग गप्प. आमच्या घरी पानावर बसलं की श्लोक म्हणायची पद्धत, म्हणजे तोंड चालूच. इथे काहीच नाही. पहिल्या वेळी मला वाटलं, काही विसरल्या की काय. मग हळूहळू ऐकू यायला लागलं: पंपाचं टपटपणारं पाणी, शेगडीवर निवणाऱ्या भांड्याचा बारीक आवाज, ईराचा श्वास. खिडकीबाहेरच्या झाडाची सावली टेबलावर हलायची आणि मला कितीदा वाटायचं की आपण लायडनमध्येही नाही, पुण्यातही नाही, कुठेच नाही, नुसते बसलो आहोत आणि ते फार बरं आहे. किती वेळ, ते ठरलेलं नसायचं. मार्थाबाई हलकेच हात दाबायच्या, की जेवण सुरू. घरी कधीही धड गप्प न बसणारी ईरा तिथे पुतळ्यासारखी बसायची. मग मी घरी हाच प्रयोग केला, तर मिलिंदला हसू आवरेना.

त्यांच्याकडे जुन्या अमेरिकन पाकपुस्तकांनी भरलेलं एक कपाट होतं. युद्ध संपल्यावर उपाशी मुलांना खायला घालायला म्हणून क्वेकर मंडळींबरोबर त्या हॉलंडला आल्या, तेव्हा ट्रंकेत कपडे कमी आणि पुस्तकं जास्त होती म्हणे. मग इथल्याच एका शाळामास्तराशी लग्न झालं, तेही वारले, पुस्तकं राहिली. पाठीची शिवण सुटलेली, पानांत पीठ अडकलेलं. मला वाचून दाखवताना त्या डोळे मिटून घ्यायच्या, कारण सगळं पाठच. अक्रोडाएवढं लोणी घे. दूध गार असेल तर थांब. भट्टीत हात घाल, चटका सोसवेपर्यंत मोज. आणि मार्थाबाई खरोखर ओव्हनमध्ये हात घालायच्या हो! त्यांना मी सांगितलं की आमच्याकडे लिंबाएवढा गूळ आणि सुपारीएवढी चिंच असते. त्यावर त्यांनी गंभीरपणे विचारलं, कुणाच्या झाडाचं लिंबू? कारण त्यांच्या आजीच्या परसातले अक्रोड लहान होते आणि त्यामुळे आख्ख्या घराण्याचं पुडिंग कोरडं व्हायचं.

हा 'कुणाचं' त्यांचा फार आवडता प्रश्न. त्या पुडिंगात सगळ्यांकडे उसाची काकवी पडायची, पण मार्थाबाईंच्या खापरपणजीनं ती घरात येऊ दिली नाही. काकवी मळ्यातली, आणि मळ्यात राबणारे गुलाम. त्याऐवजी मेपलच्या झाडाचा पाक. पाहुणे म्हणायचे, तुमचं पुडिंग फिकट आणि मिळमिळीत. खापरपणजी म्हणायची, आणखी थोडा वेळ गप्प बसा, गोड लागेल. मार्थाबाई तीच सवय सुपरमार्केटात चालवायच्या. चहाचा डबा हातात घ्यायचा आणि काउंटरवरच्या पोराला विचारायचं, हा कुणी खुडला? ते बिचारं शेल्फ क्रमांक सांगायचं.

एका पुस्तकाच्या समासात त्यांच्या आजीनं पेन्सिलीनं लिहिलेलं होतं, मीठ अजून लागेल तुला. पण तिथे 'तुला'साठी नेहमीचं 'यू' नव्हतं, 'दी' होतं. मी विचारलं, हे काय? तेव्हा त्यांनी सांगितलं. जुन्या इंग्रजीत आपल्यासारखंच एक 'तू' होतं, तेच हे 'दी', आणि एक 'तुम्ही'. 'यू' हे तेव्हाचं तुम्ही, मोठ्या लोकांना म्हणायचं. क्वेकर म्हणाले, मोठा कोण आणि लहान कोण, देवासमोर सगळे सारखे; राजालाही आम्ही 'तू'च म्हणणार. त्यापायी लोक तुरुंगात गेले. पुढे जगानं 'तू' टाकलं, सगळेच 'यू' झाले, आणि या लोकांच्या स्वयंपाकघरांत तेवढं ते 'दी' उरलं. बाहेर नाही, घरातल्या घरात. नवऱ्यानं, बहीणभावांनी, आईनं म्हणायचं. त्यांचे मास्तर घरात त्यांना 'दी'च म्हणायचे, डच उच्चारात. ते गेल्यावर एक धाकटा भाऊ राहिला होता पेनसिल्व्हेनियात. पहिल्या दिवशी, म्हणजे रविवारी, त्याचा फोन यायचा आणि पहिलं वाक्य ठरलेलं: दी कशी आहेस?

आपल्याकडे काय म्हणता, असं त्यांनी मला विचारलं. मी तू, तुम्ही, आपण, सगळं समजावलं. आमच्या पाककृतीत कोण बोलतं, हेही त्यांना हवं होतं. मी सांगितलं की आमच्या पुस्तकात पीठ घ्यावे, पाणी घालावे, ढवळावे, असं असतं. तूही नाही आणि तुम्हीही नाही. त्या म्हणाल्या, मग पुस्तक बोलतं कुणाशी? मी विचार केला आणि म्हटलं, कुणाशीच नाही. त्यांना याचं इतकं वाईट वाटलं की त्यांनी त्याच दिवशी माझ्याकडून तीन वाक्यं शिकून घेतली. तू ये. तू बस. तू जेव. त्यांचा 'त' टाळ्याला लागून 'ट' व्हायचा, ईरा खुदुखुदु हसायची आणि त्या पुन्हा म्हणायच्या.

त्या हिवाळ्यात त्यांचा भाऊ गेला. आम्ही बुधवारी गेलो तर पुडिंग होतं, ताटं मांडलेली होती, सगळं नेहमीसारखं. हात धरून बसलो, पण त्या दिवशी हात दाबला जाईना. खूप वेळानं त्या शांतपणे म्हणाल्या, "आता मला 'दी' म्हणणारं जगात कुणी उरलं नाही."

मला रडूच फुटलं. मी लगेच म्हटलं, मी म्हणते ना! आणि म्हणूनही बघितलं, दी कशी आहेस, दी जेवलीस का. काय सांगू, गॅदरिंगमधल्या नाटकासारखं वाटायला लागलं. आम्ही दोघी हसत सुटलो. मग त्यांनी डोळे पुसले आणि म्हणाल्या, ते माझं आहे, तुझ्या तोंडी बसायचं नाही. तू तुझं म्हण. मी तोंड उघडलं. समोर माझ्या आजीच्या वयाची बाई. मी म्हटलं, "तुम्ही जेवा." पुन्हा प्रयत्न केला, पुन्हा 'तुम्ही'. गंमत बघा, सख्ख्या आजीला मी अगं-तुगंच करायची, पण परक्या घरच्या म्हाताऱ्या माणसाला 'तू' म्हणायला जीभ वळेल तर शपथ. मार्थाबाईंनी पाठीवर थोपटलं आणि पुडिंग वाढायला घेतलं.

उन्हाळ्यात माझ्या सासूबाई पुण्याहून आल्या. सुमतीबाई, निवृत्त मुख्याध्यापिका. त्यांच्यासमोर शाळेतले शिपाईच काय, संस्थेचे अध्यक्षसुद्धा उभे राहायचे. सासरे त्यांना घरातही 'अहो मॅडम' म्हणायचे, आधी थट्टेत आणि मग सवयीनं. मार्थाबाईंकडे जाताना मी त्यांना सगळं समजावून ठेवणार होते, पण ईराच्या सायकलची चेन पडली, मी ती बसवत मागे राहिले आणि त्या दोघी माझ्या पुढे पोहोचल्या. मी धावत दारात पोहोचले, तर मार्थाबाई लांब हात पसरून म्हणत होत्या, तू ये. सासूबाईंचा पदर सावरणारा हात जागच्या जागी थांबला. मार्थाबाई म्हणाल्या, तू बस. सासूबाई बसल्या, पाठ ताठ, तोंड मिटलेलं. मी मनात म्हटलं, आता कप्पाळ! मग हात धरून झाले, शांतता झाली, कधी नव्हे ती फार लांब. हात दाबला गेला आणि मार्थाबाई सासूबाईंकडे वळून म्हणाल्या, "तू जेव."

सासूबाई मुकाट्यानं जेवल्या. परतताना कालव्याच्या पुलावर थांबल्या. मी माफी मागायला तोंड उघडणार, तेवढ्यात त्या पाण्याकडे बघत म्हणाल्या, "आई गेल्यापासून मला 'तू जेव' कुणी म्हटलं नव्हतं गं."

पुढच्या बुधवारी पहिला घास घेऊन त्यांनी सगळ्यांसमोर फर्मावलं, मार्था, तू मीठ विसरलीस. मराठीत. मार्थाबाईंना त्यातलं एक 'तू' तेवढं कळलं आणि त्यांचा चेहरा असा झाला की मी उठून उगीचच पाणी आणायला गेले. मग तो सगळा उन्हाळा त्या दोघी बागेत पंपाशेजारी बसायच्या, एक पाकपुस्तकातलं इंग्रजी वाचायची, दुसरी मराठीत शेरे मारायची, आणि मध्येमध्ये दोघी गप्प. उजेड तिकडे संध्याकाळ झाली तरी संपत नाही. त्या उजेडात दोन पांढरे अंबाडे मला आत्ताही दिसतात, आणि मला वाटतं त्या अजून तिथेच असतील, आपण दार ढकलायचं तेवढं बाकी आहे.

सासूबाई परत गेल्या. फोनवर विचारायच्या, मार्था कशी आहे? मी म्हणायची, बऱ्या आहेत.

मग मार्थाबाई पडल्या. पंपापाशी शेजारणीला सापडल्या. अर्धांगाचा झटका होता. दवाखान्यातून त्यांना गावाबाहेरच्या एका नर्सिंग होममध्ये हलवलं. जागा छान होती, मोठ्या काचा, बाहेर कुरण, त्यावर धुक्यात उभ्या गाई. नर्सेस मायाळू होत्या. पण तिथे स्वयंपाकघर नव्हतं, जेवण झाकलेल्या ट्रेमधून यायचं, आणि सगळ्या जणी त्यांना अदबीनं 'मेव्हराऊ' म्हणायच्या, म्हणजे आपलं बाईसाहेब. मार्थाबाई मानही वळवायच्या नाहीत. उजवा हात गेला होता, शब्द गेले होते, आणि आता त्या जेवणही घेत नव्हत्या. नर्स मला हळूच म्हणाली, मेव्हराऊ आमचं ऐकतच नाहीत. जेवलं नाही तर फार दिवस जायचे नाहीत. मी हे सासूबाईंना फोनवर सांगितलं. त्या म्हणाल्या, मला येता यायचं नाही, माझ्या वतीनं तिला जेव म्हण.

मी मंगळवारी पुडिंग केलं. मेपलचा पाक घालून, लोणी अंदाजानं. बुधवारी सकाळी त्याच्या वड्या पाडून लोण्यावर परतल्या, डब्यात भरल्या आणि ईराला शाळेतून घेऊन गेले. मार्थाबाई काचेशी बसल्या होत्या, गाईंकडे तोंड करून. खूप लहान दिसत होत्या. ईरानं न सांगता त्यांचा एक हात धरला, मी दुसरा धरला. डबा उघडा ठेवला. लोण्याचा वास पसरला. बाहेर धुकं कुरणावरून हळूहळू सरकत होतं, आतमध्ये कुणाची तरी ट्रॉली लांब निघून गेली, आणि मग काहीच ऐकू येईना. किती वेळ गेला कोण जाणे. सासूबाईंचा निरोप म्हणून म्हणायचं, असं मी वाटेत घोकून आले होते. आईंनी सांगितलंय की, अशी सुरुवातही ठरवली होती. पण तोंडातून निघालं ते वेगळंच, आणि ते निरोपाचं नव्हतं, माझंच होतं.

"मार्था," मी म्हटलं, "तू जेव गं."

तिनं मान वळवली. माझ्याकडे बघितलं, नीट, चष्म्याच्या वरून, पुस्तकातून मान वर काढून बघायची तशी. मग तिच्या डाव्या हाताची बोटं माझ्या हातात हलली आणि तिनं हात दाबला.

ईरानं चमचा पुढे केला. मार्था जेवली.